सर्दी नसलेलं बंद नाक

माझं डोहाळजेवण एप्रिलच्या अखेरीस झालं. वहिनींनी मोगऱ्याची वाडी भरली होती. वेणी, बाजूबंद, कंबरपट्टा, सगळं मोगऱ्याचं. येणारी प्रत्येक बाई दारातूनच म्हणायची, "काय सुगंध सुटलाय!" मला मात्र मोगऱ्याचा वासच येत नव्हता. पाचव्या महिन्यापासून माझं नाक चोंदलेलं होतं. शिंक नाही, नाक वाहत नाही, ताप नाही, घसा दुखत नाही, नुसतं बंद. दिवसा कसंबसं चालायचं, पण रात्री आडवं झालं की दोन्ही नाकपुड्या मिटायच्या. मग तोंड उघडं टाकून झोपायचं, तासाभरात घशाला कोरड पडून जाग यायची, पाणी प्यायचं, त्यामुळे पुन्हा उठावं लागायचं. पहाटे मी पलंगाच्या कडेला उशी पोटाशी धरून बसलेली असायचे.

घरात सगळ्यांनी एकच निदान केलं होतं: "सर्दी झालीय हिला." सर्दी म्हटल्यावर पुढचं सगळं ओघानेच आलं. दही बंद, ताक बंद, केळं बंद. आई ओव्याची पुरचुंडी तव्यावर शेकून उशाशी ठेवायची. काढा मात्र कोणी देईना, कारण सुंठ-मिरी उष्ण आणि पोटुशीला उष्ण चालत नाही. म्हणजे थंड बंद आणि गरमही बंद. दोन महिने मी ज्या आजाराचं पथ्य पाळलं, तो आजार मला झालेलाच नव्हता.

गरोदरपणात नाक चोंदतं ते पुष्कळदा सर्दीने नव्हे. वैद्यकात त्याला वेगळं नाव आहे: प्रेग्नन्सी ऱ्हायनायटिस. त्याची नेमकी व्याख्या केली स्वीडनच्या डॉ. एव्हा एलेगोर्ड यांनी. गरोदरपणाच्या शेवटच्या काळात सहा किंवा त्याहून जास्त आठवडे नाक बंद राहतं, श्वसनमार्गाच्या संसर्गाची दुसरी खूण नसते, ॲलर्जीचं कारण सापडत नाही आणि बाळंतपणानंतर दोन आठवड्यांत नाक पूर्ण मोकळं होतं, तर तो प्रेग्नन्सी ऱ्हायनायटिस. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ५९९ गरोदर बायकांची पाहणी केली, तेव्हा २२ टक्क्यांना हा त्रास झालेला आढळला. म्हणजे पाचांतल्या एकीहून थोड्या जास्त. नऊ महिन्यांत कधीतरी थोडेफार दिवस नाक बंद होणाऱ्या बायका तर त्याहून कितीतरी अधिक. इतक्या बायकांना होणारी गोष्ट घरोघर 'सर्दी' म्हणून उरकली जाते, याचं मला वाईट वाटतं.

नाक का बंद होतं, हे कळायला आधी ते आतून कसं आहे ते पाहू. नाकाच्या आत दोन्ही बाजूंच्या भिंतींवर पन्हळीसारख्या वळलेल्या हाडांच्या घड्या असतात, एकीखाली एक. त्यांना टर्बिनेट म्हणतात. त्यांतली सगळ्यात खालची घडी सर्वांत मोठी. या घड्यांवर जे मऊ, ओलसर अस्तर असतं, त्याच्या आत शिरांच्या पोकळ्यांचं दाट जाळं असतं. या पोकळ्यांत रक्त भरलं की अस्तर स्पंजासारखं फुगतं आणि रक्त निघून गेलं की बसतं. आत येणारी हवा फुप्फुसात पोचायच्या आधी गरम आणि ओलसर करायची, हे या अस्तराचं काम. म्हणून 'नाक बंद' होतं तेव्हा दरवेळी शेंबूडच अडकलेला असतो असं नाही. पुष्कळदा वाट अडवलेली असते ती रक्ताने फुगलेल्या अस्तराने. असं नाक कितीही शिंकरलं तरी मोकळं होत नाही, कारण शिंकरून टाकण्यासारखं आत काही नसतंच. गरोदरपणात शिंकरून शिंकरून नाक लाल करून घेणाऱ्या बाईला कोणीतरी ही एवढी गोष्ट समजावून सांगायला हवी.

हे फुगणं-बसणं निरोगी माणसातही सतत चाललेलं असतं. काही तास उजवी नाकपुडी जास्त मोकळी, मग काही तास डावी. जर्मन डॉक्टर रिचर्ड कायझर यांनी १८९५ मध्ये याचं शास्त्रीय वर्णन केलं. आपल्याकडच्या स्वरशास्त्राने चंद्रनाडी-सूर्यनाडी म्हणून हे त्याच्या कितीतरी आधी टिपलेलं होतं. एरवी हा बदल आपल्या लक्षातही येत नाही, कारण एक बाजू मिटली तरी दुसरीतून पुरेशी हवा मिळते. पण दोन्ही बाजूंचं अस्तर मुळातच सुजलेलं असेल, तर जिची पाळी बंद राहण्याची ती नाकपुडी पूर्ण मिटते आणि दुसरी अर्धवटच उघडी राहते. त्यात आडवं झालं की डोक्याकडे रक्त जास्त साचतं. कुशीवर झोपलं तर खालची नाकपुडी आणखी चोंदते. गरोदर बाईला शेवटच्या महिन्यांत कुशीवरच झोपायला सांगितलेलं असतं. म्हणून ही तक्रार रात्रीची असते. सकाळी दहाच्या ओपीडीत बसलेल्या डॉक्टरांना ती कशी दिसणार?

गरोदरपणात शरीरातलं रक्ताचं प्रमाण ४० ते ५० टक्क्यांनी वाढतं. रक्तवाहिन्या सैलावतात. पाय सुजतात, हिरड्या सुजतात, तसंच नाकाच्या अस्तराचंही होतं. पण हे तर सगळ्याच बायकांच्या बाबतीत घडतं, मग नाक काहींचंच का चोंदतं? पूर्वी सगळा दोष इस्ट्रोजेनला दिला जाई. पण त्रास असलेल्या आणि नसलेल्या बायकांच्या रक्तात इस्ट्रोजेन आणि प्रोजेस्टेरॉन मोजलं, तेव्हा फरक दिसला नाही. फरक दिसला तो वारेतून तयार होणाऱ्या वाढीच्या संप्रेरकात. गरोदरपणाच्या उत्तरार्धात आईच्या मेंदूतल्या ग्रंथीचं वाढीचं संप्रेरक मागे पडतं आणि त्याची जागा वारेतून येणारं त्याचंच एक भावंड घेतं. एलेगोर्ड यांच्या एका लहान अभ्यासात नाक बंद असलेल्या बायकांमध्ये हे संप्रेरक जास्त आढळलं. वार पडली की ते रक्तातून झपाट्याने उतरतं आणि नाकही त्याच सुमारास उघडतं. लहान अभ्यासावरून शेवटचा शब्द सांगता येत नाही, पण हा मेळ मला पटण्यासारखा वाटतो. याशिवाय धूम्रपान करणाऱ्या आणि घरातल्या धुळीतल्या सूक्ष्म किड्यांना संवेदनशील असलेल्या बायकांना हा त्रास जास्त होतो, हेही त्यांना दिसलं.

नाक आणि स्त्रीचं शरीर यांचा संबंध डॉक्टरांच्या लक्षात येऊन मात्र बराच काळ लोटला आहे. अमेरिकेत बाल्टिमोरच्या जॉन नोलंड मॅकेंझी यांनी १८८४ मध्ये त्यावर लिहिलं. मासिक पाळीच्या वेळी काही बायकांच्या नाकाचं अस्तर सुजतं, असं त्यांचं निरीक्षण होतं आणि ते बरोबर होतं. पुढे बर्लिनच्या विल्हेल्म फ्लीस या डॉक्टरांनी त्याचं भलतंच शास्त्र बनवलं. पाळीच्या वेदनांवर उपाय म्हणून ते नाकाच्या आत कोकेन लावत, अस्तर डागत, हाडावर शस्त्रक्रिया करत. १८९७ मध्ये त्यांनी त्यावर पुस्तकही लिहिलं. त्यातून बायकांचे हालच झाले. त्या अतिरेकाची लाज वाटून की काय, नंतरची कित्येक दशकं या विषयाकडे कोणी नीट पाहिलं नाही. गरोदर बाईचं नाक का चोंदतं, किती जणींचं चोंदतं, याची शिस्तशीर मोजणी व्हायला विसावं शतक संपत यावं लागलं.

आता पुन्हा आपल्या घरात येऊ. सर्दी समजून केलेल्या उपायांतला पहिला आणि सगळ्यात जास्त नुकसान करणारा उपाय म्हणजे खाणं तोडणं. दही-ताक, केळं, पेरू, सीताफळ ही 'थंड' म्हणून बंद होतात. पपई, सुंठ, बाजरी 'उष्ण' म्हणून बहुतेक आधीच बंद झालेली असतात. शाकाहारी घरातल्या गरोदर बाईच्या ताटातून दही-ताक गेलं, तर कॅल्शियम आणि प्रथिनांचा मोठा वाटा गेला. गरोदरपणामुळे सुजलेलं नाक ताक सोडल्याने उतरत नाही. ताक प्यायल्याने ते वाढतही नाही. घरातल्या मोठ्या बायकांची माया मी नाकारत नाही, तिच्याच जोरावर बाळंतपणं पार पडतात. पण त्याच मायेने ताटातलं दही परत ठेवावं, अशी माझी विनंती आहे.

दुसरा उपाय वाफेचा. वाफ घेतल्यावर बरं वाटतं, आणि तेवढ्यापुरती घ्यायला हरकत नाही. फक्त उकळतं पातेलं मांडीवर किंवा पलंगावर घेऊन, डोक्यावरून चादर ओढून बसू नये. त्याने भाजल्याची उदाहरणं दरवर्षी घडतात, आणि पोट पुढे आलेल्या बाईला पातेलं हललं तर पटकन सरकताही येत नाही. गरम पाण्याने आंघोळ करताना न्हाणीघराचं दार लावून घेतलं, की तेवढी वाफ पुरते.

बामबद्दल एक गमतीची गोष्ट सांगण्यासारखी आहे. बाम किंवा पुदिन्याचा अर्क हुंगला की नाक लगेच मोकळं झाल्यासारखं वाटतं. पण यंत्राने मोजलं, तर हवेची वाट आधी जितकी अरुंद होती तितकीच असते. पुदिन्यातलं मेन्थॉल नाकातल्या थंडी ओळखणाऱ्या मज्जातंतूंना चेतवतं. आत गार हवा शिरतेय असं मेंदूला वाटतं आणि त्याचा जीव हलका होतो. थंडी ओळखणारी ही संवेदी रचना २००२ मध्ये सापडली. ती शोधणाऱ्यांपैकी डेव्हिड ज्युलियस आणि आर्डेम पटापुटियन यांना २०२१ चं नोबेल मिळालं, ते स्पर्श आणि तापमानाच्या संवेदनांवरच्या एकूण कामासाठी. भास असला, तरी रात्री अडीच वाजता तो भासही मोलाचा असतो, म्हणून कपाळावर किंवा छातीवर थोडा बाम चोळायला मी नाही म्हणणार नाही. मात्र बाममधला कापूर पोटात कधीही जाऊ देऊ नये. तो विषारी आहे, त्याने आकडी येऊ शकते आणि तो वारेतून बाळापर्यंत पोचतो.

नाकात घालायच्या थेंबांविषयी मला सविस्तर लिहायचं आहे, कारण मी स्वतः त्यात अडकले होते. डोहाळजेवणानंतरच्या आठवड्यात कोपऱ्यावरच्या औषधाच्या दुकानात कोणीतरी जाऊन आलं आणि थेंबांची बाटली घेऊन आलं. दुकानदाराने किती दिवस घालायचे ते विचारलं नाही आणि सांगितलंही नाही. पहिल्या रात्री दोन थेंब घातले आणि दहा मिनिटांत दोन्ही नाकपुड्या उघडल्या. कित्येक आठवड्यांनी मी सलग पाच तास झोपले. त्या सुखाचं वर्णन करणं कठीण आहे. आठवड्याभरात थेंब दोनदा लागू लागले, मग तीनदा. जून उजाडेपर्यंत बाटली उशाखाली नसली की मला धडकी भरायची.

या थेंबांत झायलोमेटाझोलिन किंवा ऑक्सिमेटाझोलिन असतं. ते टर्बिनेटमधल्या शिरा आवळतं, रक्त मागे सरतं आणि अस्तर बसतं. औषधाचा अंमल उतरला की शिरा पुन्हा सैलावतात, आणि रोज वापर होत राहिला तर पूर्वीपेक्षा जास्त फुगतात. मग आणखी थेंब. तीन ते पाच दिवसांहून जास्त काळ वापरलं की हे चक्र सुरू होऊ शकतं, आणि मग नाक औषधानेच बंद राहायला लागतं. साध्या सर्दीत माणूस चार दिवसांनी बाटली विसरतो, कारण सर्दीच संपते. गरोदरपणातलं नाक मात्र महिनोन्‌महिने बंद राहणारं. तीन दिवसांचं औषध तीन महिन्यांच्या दुखण्याला लावलं, तर दुसरं काय होणार? बाळंतपणानंतर दोन आठवड्यांत माझं नाक उघडायला हवं होतं, ते उघडलं नाही. बाळ महिन्याचं झालं तेव्हा कान-नाक-घसा तज्ज्ञांकडे गेले. त्यांनी एकाच नाकपुडीतले थेंब आधी थांबवायला लावले. दुसऱ्या नाकपुडीवर निभावायचं, पहिली सुधारली की दुसरीतलेही बंद करायचे. पंधरवडा कठीण गेला, पण सुटले. हे थेंब गरोदरपणात डॉक्टरांना विचारूनच घ्यावेत, पहिल्या तीन महिन्यांत शक्यतो घेऊच नयेत, आणि घेतले तरी तीन दिवसांत थांबवावेत.

गोळ्यांचा धोका त्याहून मोठा. 'सर्दीची गोळी' म्हणून जी पट्टी मिळते, तिच्यात बहुधा तीन-चार औषधं एकत्र असतात: पॅरासिटामॉल, क्लोरफेनिरामिन, फिनाइलेफ्रिन, कधी कॅफिन. यांतलं फिनाइलेफ्रिन नाक उघडण्यासाठी घातलेलं असतं. अमेरिकेच्या औषध नियामक संस्थेच्या सल्लागार समितीने सप्टेंबर २०२३ मध्ये एकमताने सांगितलं, की पोटात घेतलेलं फिनाइलेफ्रिन या मात्रेत नाक उघडतच नाही. ते रक्तवाहिन्या आवळणारं औषध आहे. उपयोग नसलेली अशी गोष्ट रक्तदाब जपायच्या काळात पोटात का घालायची? काही ठिकाणी सर्दी-डोकेदुखीच्या पुडीत आयबुप्रोफेन, डायक्लोफिनॅक, निमेसुलाइड अशा वेदनाशामकांचीही भर असते. विसाव्या आठवड्यानंतर या वर्गातल्या औषधांनी बाळाच्या मूत्रपिंडावर परिणाम होऊन गर्भजल कमी होऊ शकतं, असा इशारा त्याच संस्थेने २०२० मध्ये दिला आहे. ताप किंवा डोकेदुखी असेल तर डॉक्टरांनी सांगितलेल्या मात्रेत नुसतं पॅरासिटामॉल घ्यावं. बाकी पट्टीच्या मागचं बारीक अक्षर वाचल्याशिवाय, आणि नाव डॉक्टरांना दाखवल्याशिवाय, काही नाही.

स्टिरॉइडचे फवारे ॲलर्जीच्या नाकाला गुण देतात, आणि त्यांपैकी बुडेसोनाइडचा गरोदरपणातला अनुभव चांगला मोठा आहे. पण शुद्ध प्रेग्नन्सी ऱ्हायनायटिसवर फ्लुटिकॅसोनचा फवारा आठ आठवडे देऊन पाहिला, तेव्हा तो औषध नसलेल्या फवाऱ्याहून सरस ठरला नाही. म्हणून आधी निदान, मग फवारा. नस्याबद्दलही असंच. तेलाचं किंवा तुपाचं नस्य घ्यायचा सल्ला हल्ली कोणीही देतं. चरकसंहितेच्या सिद्धिस्थानात नस्य कोणाला देऊ नये याची यादी आहे आणि तिच्यात गर्भिणीचा उल्लेख आहे. परंपरेचा आधार घेणाऱ्यांनी तो पूर्ण घ्यावा.

नाक कशामुळे बंद आहे, हे ओळखणं फार अवघड नाही. डोळे आणि टाळू खाजत असतील, सकाळी सलग शिंका येत असतील, पाणी वाहत असेल, तर ॲलर्जी. ती आधीपासून असते आणि गरोदरपणात कधी वाढते, कधी कमी होते. आपल्याकडे तिची कारणं घराबाहेरही आहेत. १९५० च्या दशकात पुण्यात पहिल्यांदा नोंदलं गेलेलं गाजरगवत आज प्रत्येक मोकळ्या जागेत आहे, आणि त्याचे परागकण नाकाला सोसत नाहीत. कोकणात आणि मुंबईत पावसाळ्यातली बुरशी. गादी-उशीतली धूळ सगळीकडेच. अंग मोडून येत असेल, घसा दुखत असेल, ताप असेल, तर खरी सर्दी किंवा फ्लू. गरोदर बाईला फ्लू जड जातो, हे २००९ च्या स्वाइन फ्लूच्या साथीत महाराष्ट्राने जवळून पाहिलं आहे, म्हणून फ्लूची लस गरोदरपणात घ्यावी असं डॉक्टर सांगतात. दहा दिवस उलटून गेल्यावरही पिवळा-हिरवा शेंबूड, गालाची हाडं किंवा कपाळ ठणकणं आणि ताप असेल, तर सायनसचा संसर्ग झालेला असू शकतो, आणि गरोदरपणात चालतील अशी प्रतिजैविकं त्याला आहेत. यांतलं काहीच नसेल, दोन्ही बाजूंनी नुसतं चोंदलेलं असेल आणि आठवड्यामागून आठवडे जात असतील, तर ते गरोदरपणाचंच.

खेड्यापाड्यांत चुलीचा धूर याच्या जोडीला असतो. सिलिंडर घरात असूनही पाणी तापवायला आणि भाकरीला चूल पेटते, आणि ती पेटवायला बहुतेक गरोदर बाईच बसते. निदान या नऊ महिन्यांत चुलीपुढचं काम घरातल्या दुसऱ्या कोणी घ्यावं. आणि मिश्री, तपकीर. चोंदलेलं नाक उघडायला चिमूटभर तपकीर ओढायची जुनी सवय अजून पुरती गेलेली नाही, आणि दाताला मिश्री लावणाऱ्या गरोदर बाया तर कितीतरी. दोन्हीत तंबाखूच आहे. मुंबईत १,२१७ गरोदर बायकांचा अभ्यास २००४ मध्ये प्रसिद्ध झाला. धूर न काढता तंबाखू वापरणाऱ्या बायकांची बाळं सरासरी १०५ ग्रॅमने कमी वजनाची निघाली. या बायकांच्या हातात प्रामुख्याने मिश्रीच होती.

मग करायचं काय? सगळ्यात सोपा उपाय डोकं वर ठेवून झोपायचा. दोन उशा घेतल्या तर मान वाकते आणि पाठ दुखते. त्यापेक्षा पलंगाच्या डोक्याकडच्या पायांखाली एकेक वीट सरकवावी, किंवा पाठीपासून उतार होईल अशी गोधडी-तक्क्यांची रचना करावी. कुशीवरच झोपावं, फक्त वरचं अंग उंच. दुसरं, नाकाच्या पाळ्या बाहेरून ओढून धरणारी चिकट पट्टी. तिच्यात औषध नसतं, ती नाकाचा सर्वांत अरुंद भाग रुंद करते, आणि गरोदर बायकांवर केलेल्या चाचणीत तिचा उपयोग दिसला आहे. तिसरं, चालणं. व्यायामाने नाकातल्या शिरा आपोआप आवळतात. रात्री जेवणानंतर गच्चीवर वीस मिनिटं फेऱ्या मारल्या की झोपायच्या वेळी थोडा फरक पडतो. मला पडला होता.

आणि मिठाचं पाणी. दुकानात फवारा मिळतो, पण घरीही करता येतं: पाव लिटर पाण्यात सव्वादोन ग्रॅम साधं मीठ, म्हणजे चहाचा अर्धा चमचा, तोही जरा कमीच. इटलीत परागकणांची ॲलर्जी असलेल्या गरोदर बायकांना मिठाच्या पाण्याने नाक धुवायला लावलं, तेव्हा त्रासही कमी झाला आणि गोळ्याही कमी लागल्या. सुजलेलं अस्तर त्याने पूर्ण बसत नाही, पण कोरडेपणा आणि खपल्या जातात. एक गोष्ट मात्र अजिबात विसरायची नाही: पाणी उकळून गार केलेलंच हवं. नळाचं किंवा विहिरीचं पाणी थेट नाकात घेतलं, तर त्यातला एक अमिबा नाकातून मेंदूपर्यंत पोचू शकतो. केरळमध्ये अलीकडच्या वर्षांत अमिबाच्या मेंदूज्वराने मृत्यू झाले आहेत. जलनेती करणाऱ्यांनीही हे पाळायला हवं.

या काळात घोळणाही फुटतो, कारण अस्तर नाजूक झालेलं असतं. अशा वेळी मान मागे टाकायची नाही, रक्त घशात उतरतं. डोक्यावर पाणी ओतून आणि फोडलेला कांदा नाकाशी धरून वेळ जातो. बसून, किंचित पुढे वाकून, नाकाचा खालचा मऊ भाग चिमटीत दहा ते पंधरा मिनिटं घट्ट दाबून धरायचा, मधे सोडून पाहायचं नाही. तरी थांबलं नाही, किंवा एकाच नाकपुडीतून पुन्हा पुन्हा येत राहिलं, तर तज्ज्ञांना दाखवायचं. गरोदरपणात नाकात रक्तवाहिन्यांची एक लहानशी गाठ होऊ शकते, ती साधी असते, पण बघायला हवी.

या सगळ्यात ज्या गोष्टीकडे सगळ्यात कमी लक्ष जातं ती म्हणजे घोरणं. नाक बंद झालं की तोंड उघडतं, जीभ मागे पडते आणि आयुष्यात कधी न घोरलेली बाई घोरायला लागते. तिला त्याची लाज वाटते. नवरा चेष्टा करतो, ती दुसऱ्या खोलीत झोपायला जाते, आणि डॉक्टरांना कोणीच सांगत नाही. स्वीडनमध्ये ५०२ बायकांना बाळंतपणाच्या दिवशीच याबद्दल विचारलं गेलं. हा अभ्यास २००० मध्ये प्रसिद्ध झाला. गरोदर राहण्याआधी नेमाने घोरणाऱ्या ४ टक्के होत्या, शेवटच्या आठवड्यात २३ टक्के. घोरणाऱ्यांपैकी १४ टक्के बायकांचा रक्तदाब गरोदरपणात वाढला, न घोरणाऱ्यांपैकी ६ टक्क्यांचा. घोरण्यामुळेच रक्तदाब वाढला असं यावरून म्हणता येत नाही. वजन आणि अंगावरची सूज दोन्हींमागे असू शकतात. पण घोरताना श्वास मधेच थांबून बाई दचकून उठत असेल, सकाळी डोकं दुखत असेल, दिवसा बसल्या जागी डुलकी लागत असेल, तर झोपेत प्राणवायू कमी पडत असण्याची शक्यता आहे आणि तिची तपासणी व्हायला हवी. आणि डोकं सतत ठणकतंय, डोळ्यांपुढे अंधारी किंवा काजवे येतात, चेहरा-हात अचानक सुजलेत, छातीखाली पोटात दुखतंय, यांपैकी काहीही असेल तर पुढच्या तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी दवाखाना गाठायचा.

ज्यांच्या घरात आज पोटुशी बाई आहे त्यांना माझं सांगणं एवढंच. आज रात्री तिचा श्वास कसा चाललाय ते थोडा वेळ ऐका. ती घोरत असेल, उठून बसत असेल, तर पुढच्या तपासणीला तिच्याबरोबर जा, डॉक्टरांना किंवा आशाताईंना हे तुम्ही स्वतः सांगा, आणि रक्तदाबाचा आकडा तिच्या कार्डावर लिहून घेतल्याशिवाय परत येऊ नका.